शब्दा, तुझं गाव कुठलं? अनोळखी इंग्रजी शब्दांचे उच्चार आणि अर्थ पकडायची रीत

मी कित्येक वर्षं 'एपिटोम' म्हणत होतो. शब्द पुस्तकांत वारंवार भेटलेला, अर्थही पक्का ठाऊक: एखाद्या गुणाचा मूर्तिमंत नमुना. मनातल्या मनात वाचताना टोकणारं कोणी नसतं, त्यामुळे चूक सुखाने नांदत राहिली. मग एकदा चारचौघांत बोलताना तो तोंडातून निघाला. समोरचा माणूस भला होता. त्याने मला टोकलं नाही, पुढच्याच वाक्यात तोच शब्द 'इ-पि-ट-मी' असा सहज वापरला आणि बोलणं पुढे नेलं. मला मात्र पुढचं काही ऐकू आलं नाही.

ऐकण्याआधी वाचलेल्या शब्दांची ही गत होते. इंग्रजीत वाचू लागलेल्या, पण आजूबाजूला ते शब्द फारसे कानावर न पडणाऱ्या माणसासाठी हा लेख आहे.

पायरी पहिली: अक्षरावरचा विश्वास सैल करा

आपली लिपी उच्चाराशी बरीचशी इमान राखून असते, म्हणून इंग्रजी स्पेलिंग दिसलं की आपण एकेक अक्षर फोडून वाचायला लागतो. पण मराठीतही आपण सगळं अक्षराबरहुकूम वाचत नाही. 'चार' आणि 'चारा' यांतला 'च' एकच लिहितो, उच्चारतो वेगळा. गुरांच्या चाऱ्यातला 'च' चार आकड्यातल्या 'च'सारखा म्हणून पाहा, लगेच खटकेल. कुठे कुठला च, हे आपल्याला कानाने शिकवलं. इंग्रजीत हाच प्रकार फार मोठ्या प्रमाणावर आहे, एवढं मनाशी धरलं तरी अर्धी चिडचिड कमी होते.

इंग्रजी अशी का झाली, हे थोडक्यात पाहू, कारण पुढे ते कामाला येतं. विल्यम कॅक्स्टनने १४७६ मध्ये इंग्लंडात पहिला छापखाना घातला आणि शब्दांची रूपं छापील होऊन हळूहळू गोठू लागली. नेमक्या त्याच काळात, साधारण १४०० ते १७०० या तीन शतकांत, इंग्रजीतले दीर्घ स्वर जागचे हलत होते. आज आपण ज्याला 'नेम' म्हणतो, तो शब्द त्याआधी जवळजवळ 'नामऽ' असा उच्चारला जाई (आपल्या 'नाम'चा तो दूरचा भाऊच), 'टाइम' हा 'टीमऽ' होता आणि 'हाउस' हा 'हूस'. स्वर हलले, स्पेलिंग जागच्या जागी राहिलं. नाइट, म्हणजे सरदार, या शब्दातली सुरुवातीची के आणि मधली जी-एच ही अक्षरंदेखील एके काळी खरोखर उच्चारली जात.

त्यात पंडितांनी भर घातली. 'डेट', म्हणजे कर्ज, हा शब्द फ्रेंचमधून बी शिवाय आला होता. मूळ लॅटिन शब्द 'डेबिटम' आहे, हे दाखवायच्या हौसेने नंतर त्यात बी घुसडला. डाउटमधला बी, रिसीटमधला पी यांची कथा तीच. बातम्यांत सतत दिसणारा 'इन्डाइट', म्हणजे रीतसर आरोप ठेवणे, यातला सी असाच लॅटिनच्या ओढीने शिरला. त्याला 'इन्डिक्ट' म्हणू नका. आयलंडमधला एस तर निव्वळ गैरसमजातून आलेला आहे. लॅटिन 'इन्सुला'शी नातं जोडायला तो घातला, प्रत्यक्षात तो शब्द अस्सल जुना इंग्रजी निघाला. मुकी अक्षरं ही बहुधा अशी मागे राहिलेली किंवा मागून चिकटवलेली असतात.

पायरी दुसरी: शब्दाला त्याचं गाव विचारा

माझ्या मते सगळ्यात उपयोगाची पायरी हीच, म्हणून इथे जरा बसू या. अनोळखी इंग्रजी शब्द बहुतेक वेळा परगावचा असतो. कुठून आला हे कळलं, की त्याची बोलायची ढब कळते.

सी-एच ही जोडी घ्या. अस्सल इंग्रजी शब्दांत ती 'च' असते. ग्रीक शब्दांत 'क': केऑस, म्हणजे सावळागोंधळ, कॅझम, म्हणजे खोल दरी किंवा दोन पक्षांतलं मोठं अंतर, आर्किपेलगो, म्हणजे द्वीपसमूह. आणि फ्रेंचमधून अलीकडे आलेल्या शब्दांत 'श': शेफ, मशीन, शराड, म्हणजे उघड दिसणारं सोंग. यातली गंमत अशी की 'चीफ' आणि 'शेफ' हा मुळात एकच फ्रेंच शब्द आहे. मध्ययुगात आला तेव्हा फ्रेंच लोक स्वतःच 'च' म्हणत होते, म्हणून तो चीफ झाला. एकोणिसाव्या शतकात पुन्हा आला तोवर फ्रेंचमध्ये त्याचा 'श' झाला होता, म्हणून शेफ. म्हणजे गावाबरोबर आल्याची वेळही विचारावी लागते. आर्चबिशपमधला 'आर्च' ग्रीकच, पण फार जुन्या काळी आला आणि इंग्रजी वळणावर गेला; आर्केंजलमध्ये मात्र 'क' टिकला. असे अपवाद भेटत राहणार.

ग्रीक शब्दांच्या आणखी काही खुणा. शेवटचा ई बहुधा उच्चारला जातो. कॅटॅस्ट्रफी, अपॉस्ट्रफी हे आपण बिनचूक म्हणतो. तोच नियम इपिटमीला लागू होता, मला सुचला नाही इतकंच. अतिशयोक्तीला 'हायपर्बली' म्हणतात, 'हायपरबोल' नव्हे. अंशावरून पूर्णाचा निर्देश करणाऱ्या अलंकाराला 'सिनेक्डकी', आणि हा तर मी दहा वेळा ऐकल्याशिवाय चारचौघांत म्हणणार नाही. सुरुवातीला पी-एन, पी-एस, एम-एन अशी जोडी दिसली की पहिलं अक्षर मुकं: न्युमोनिया, सायकॉलॉजी, निमॉनिक. या शेवटच्याचा अर्थ लक्षात ठेवायची युक्ती, आणि स्पेलिंग एमने सुरू होतं हे लक्षात ठेवायलाच एक युक्ती हवी. सुरुवातीचा एक्स 'झ' होतो: झेनोफोबिया, म्हणजे परक्यांविषयीची भीती किंवा द्वेष.

फ्रेंच शब्दांत शेवटची व्यंजनं बऱ्याचदा गिळली जातात. बॅले, बुके, डेपो आपल्या ओळखीचे. त्याच रांगेत 'कू' (सत्ता उलथवणं, स्पेलिंगच्या शेवटी पी), 'रपोर' (दोन माणसांतला सूर जुळणं, शेवटी टी), 'डेब्री' (पडझडीचा ढिगारा, शेवटी एस), 'फो पा' (शब्दशः चुकीचं पाऊल, चारचौघांतली लाजिरवाणी चूक) आणि 'राँडेव्हू' (ठरवून भेटणं, किंवा भेटीची जागा). 'कोर' म्हणजे सैन्याचं दल. त्याचं स्पेलिंग सी-ओ-आर-पी-एस, आणि ते 'कॉर्प्स' असं वाचलं की दलाचं प्रेत होतं, कारण शेवटी आणखी एक ई असलेला प्रेतवाचक शब्द तसाच उच्चारतात. ही चूक मोठमोठे वक्ते करून बसले आहेत.

पण फ्रेंच दिसलं की शेवट गिळायचा, असा सरसकट हिशेब केला तर तोही अंगाशी येतो. जखमीला यातनांतून सोडवणारा शेवटचा घाव, तो 'कू द ग्रास'. अतिशहाणपणाने पुष्कळ जण 'कू द ग्रा' म्हणतात. मूळ फ्रेंचमध्ये तिथे शेवटी ई आहे आणि म्हणून स वाजतो.

जर्मन पाहुणे थोडे, पण ठसठशीत. ई-आय म्हणजे आय, एस-सी-एच म्हणजे श. 'झाइटगाइस्ट' म्हणजे त्या काळाची हवा, युगाची मनोवृत्ती. 'शाडन्फ्रॉइड' म्हणजे दुसऱ्याची फजिती पाहून होणारा आनंद. शेवटी एक अर्धवट 'अ' असतो, तो गिळू नका. इटालियन दुहेरी झेड 'त्स' होतो, जसं पापारात्सी. चाऱ्यातला 'च' तोंडात असलेल्या माणसाला हा आवाज फुकट मिळतो. इटालियनचाच 'सेग्वे', एका विषयातून दुसऱ्यात अलगद सरकणं. स्पेलिंग एस-ई-जी-यू-ई, म्हणून लोक त्याला 'सीग' करून टाकतात.

काही शब्दांचं गाव म्हणजे जहाज. खलाशांनी ते घाईत बोलून झिजवले आणि स्पेलिंग मात्र किनाऱ्यावर लांबलचक राहिलं. खलाशांच्या मुकादमाला, म्हणजे सारंगाला, 'बोसन' म्हणतात. लिहितात मात्र बोट आणि स्वेन असे दोन शब्द जोडून. जहाजाच्या पुढच्या भागाचं 'फोर-कॅसल' बोलताना 'फोक्सल' होतं. इंग्लंडातल्या गावांच्या नावांनीही असाच अंग चोरलेला आहे: लेस्टर, ग्लॉस्टर, वुस्टर यांची स्पेलिंगं पाहिलीत तर मधली अक्षरं गेली कुठे असं वाटेल.

आणि 'कर्नल' हा दोन गावांचा. इटालियनमध्ये त्यात एल होता, फ्रेंच तोंडात गेल्यावर त्याचा आर झाला. इंग्रजीने स्पेलिंग एकाचं घेतलं, उच्चार दुसऱ्याचा.

पायरी तिसरी: कोशातली नोंद नीट वाचा

बहुतेक नवखे कोशात थेट अर्थाकडे जातात. त्याआधी तिरप्या रेघांमध्ये काही विचित्र चिन्हं असतात, तिथे थांबा. ही आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपी. तिच्यामागची संस्था १८८६ मध्ये पॅरिसमध्ये निघाली. सगळी चिन्हं पाठ करायची गरज नाही. सुरुवातीला तीन पुरे.

पहिलं, वर टांगलेली छोटी उभी रेघ. ती ज्या अवयवाच्या, म्हणजे शब्दातल्या एका दमात उच्चारल्या जाणाऱ्या तुकड्याच्या, आधी असते, त्यावर जोर. मराठी बोलताना आपण सगळ्या अवयवांना जवळपास सारखं वजन देतो. इंग्रजीत एकावर आघात पडतो आणि बाकीचे दबतात, आणि हा आघात चुकला तर बाकी सगळं बरोबर असूनही ऐकणारा क्षणभर गोंधळतो. 'फोटोग्राफ'मध्ये जोर 'फो'वर. 'फटॉग्रफी'मध्ये तो 'टॉ'वर जातो आणि 'फो'चा दबून 'फ' होतो. 'फोटोग्रॅफिक'मध्ये 'ग्रॅ'वर. एकाच कुटुंबातले तीन शब्द, तीन ठिकाणी जोर. 'रेकॉर्ड' नाम असेल तर पहिला अवयव जोरात, 'रिकॉर्ड' क्रियापद असेल तर दुसरा.

दुसरं चिन्ह, उलटा छापलेला ई. त्याला श्वा म्हणतात. हा दबलेल्या अवयवातला आळशी 'अ', इंग्रजीत सगळ्यात जास्त वेळा येणारा स्वर. स्पेलिंगमध्ये तिथे ए, ई, ओ काहीही असू शकतं. इपिटमीतला 'ट' त्यामुळेच 'टो' नाही. 'अराय' (वाकडं, बिनसलेलं) हा शब्द ए-डब्ल्यू-आर-वाय असा लिहितात, आणि 'ऑरी' वाचणाऱ्यांची संख्या मोठी आहे. पहिला अवयव श्वा आणि जोर दुसऱ्यावर, हे कोशात पाहिलं की प्रश्न संपतो.

तिसरं, विसर्गासारखे दोन टिंब. ते दिसलं की स्वर लांबवायचा.

याच नोंदीत अर्थाआधी बारीक अक्षरांत शेरे असतात: कालबाह्य, बोलीतला, औपचारिक, विनोदी. ऑक्सफर्डच्या मोठ्या कोशात वापरातून गेलेल्या शब्दापुढे कट्यारीसारखं चिन्ह असतं. नवखा माणूस दुर्मीळ शब्दाच्या प्रेमात पडून हे शेरे वगळतो आणि मग साध्या अर्जात तीनशे वर्षांपूर्वीचा शब्द लिहून ठेवतो.

पायरी चौथी: देवनागरीत लिहा, पण बेताने

वर मी सगळे उच्चार देवनागरीत दिले. तो आधार आहे, पुरावा नव्हे. चार ठिकाणी आपली लिपी फसवते.

'व्ह' हे आपण व्ही अक्षरासाठी लिहितो, आणि लिहितो म्हणून त्यात 'ह' फुंकतो. तिथे ह नाहीच. वरचे दात खालच्या ओठावर टेकवून हवा सोडायची, बस. डब्ल्यूसाठी दात लागत नाहीत, ओठांचा चंबू होतो. 'वेस्ट' आणि 'व्हेस्ट' आरशासमोर म्हणून पाहा.

जी-एच दिसलं की 'घ' लिहायचा मोह होतो. घोस्ट नाही, गोस्ट. तो एच कॅक्स्टनच्या छापखान्यातून, फ्लेमिश वळणाने आला असं मानतात. तसंच 'थ': आपला थाळीतला थ दातांमागे जीभ अडवून होतो, इंग्रजी 'थिन'मध्ये जीभ दातांमध्ये हलकेच ठेवून हवा सरकू द्यायची असते. आणि 'मेझर', 'बुर्झ्वा' यांतल्या आवाजाला आपल्याकडे अक्षरच नाही. 'श' म्हणत राहा आणि मध्येच कंठातून आवाज सोडा, तो तिथे सापडतो.

पायरी पाचवी: कानाने खात्री करा

केंब्रिज, ऑक्सफर्ड, मेरियम-वेब्स्टर यांच्या संकेतस्थळांवर ध्वनीचं बटण असतं. आधी स्वतः अंदाज करून मोठ्याने म्हणा, मग ऐका. उलट क्रमाने केलंत तर शब्द लक्षात राहत नाही. फोर्व्हो या ठिकाणी ती भाषा बोलणाऱ्या माणसांनी ध्वनिमुद्रित केलेले उच्चार मिळतात, विशेषनामांसाठी उत्तम. यूग्लिश चालू भाषणांतून तो शब्द असलेले तुकडे काढून दाखवतं. सुटा उच्चार आणि वाक्यातला उच्चार यांत फरक असतो, तो इथे कळतो.

ब्रिटिश आणि अमेरिकी उच्चार वेगळे निघाले तर घाबरू नका, एक धरा. लेफ्टेनंट आणि लूटेनंट दोन्ही बरोबर. एकाच वाक्यात दोन्ही मात्र नकोत.

पायरी सहावी: अर्थाचा अंदाज, आणि त्यातले खड्डे

गाव कळलं की अर्थही बऱ्याचदा उलगडतो. सूर्य, चंद्र, पृथ्वी एका रेषेत येण्याला 'सिझिजी' म्हणतात. मूळ ग्रीक अर्थ एका जुवाला जुंपलेले. त्यातला 'झिग' आणि बैलाच्या मानेवरचं आपलं 'जू' यांचं मूळ एकच आहे. एवढं कळल्यावर तो शब्द विसरणं कठीण. पहिल्या पावसानंतरच्या मृद्गंधाला 'पेट्रिकॉर'. हा जुना वाटतो, पण १९६४ मध्ये इझाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड थॉमस या शास्त्रज्ञांनी घडवला: ग्रीक 'पेट्रा' म्हणजे दगड, 'इकॉर' म्हणजे देवांच्या नसांतून वाहणारा द्रव. शोधत एक असावं आणि सापडावं दुसरंच, तेही उत्तम, या योगाला 'सेरन्डिपिटी'. होरेस वॉलपोल या इंग्रज लेखकाने १७५४ मध्ये एका पत्रात तो बनवला, सेरेन्डिपच्या तीन राजपुत्रांच्या गोष्टीवरून. सेरेन्डिप म्हणजे श्रीलंका, आणि त्या नावाच्या तळाशी 'सिंहलद्वीप' आहे.

'डीफेनेस्ट्रेशन' म्हणजे खिडकीतून बाहेर फेकणं. लॅटिन 'फेनेस्ट्रा' म्हणजे खिडकी. यासाठी स्वतंत्र शब्द कशाला, असं वाटेल. २३ मे १६१८ ला प्रागच्या किल्ल्यातून तिघांना असं फेकलं, तिघे वाचले, आणि युरोपात तीस वर्षांचं युद्ध पेटलं. आणि पोटातल्या गुरगुरीला 'बॉर्बरिग्मस'. मुळात तो ग्रीक ध्वन्यनुकारी शब्द आहे, म्हणून पाहा म्हणजे पटेल.

आता खड्डे. 'एनर्व्हेट' ऐकून एनर्जी आठवते, अर्थ मात्र शक्ती काढून घेणं, गळाठा आणणं. 'नॉइसम'चा आवाजाशी संबंध नाही, तो दुर्गंधी किंवा किळसवाणा. त्याचं नातं 'अनॉय'शी आहे. 'पेनल्टिमेट' म्हणजे सर्वोच्च नव्हे, शेवटून दुसरा, आपला उपांत्य. 'इन्फ्लॅमबल'मधला 'इन' नकारार्थी नाही, ती वस्तू भडाभडा पेटते. हा गैरसमज जिवावर बेतू शकतो. 'रेस्टिव्ह'चा विश्रांतीशी संबंध लावू नका. मूळ अर्थ चालायला नकार देणारा घोडा, म्हणजे शब्दशः अडेलतट्टू. आज चुळबुळणाऱ्या, आवरेनाशा झालेल्या माणसांसाठी तो वापरतात. अशा वेळी एक अंदाज करा, मग कोशातली निदान तीन उदाहरणवाक्यं वाचा. कुठल्या शब्दांच्या सोबतीने तो येतो, तेही टिपा.

अतिलांब शब्दांवर फार वेळ घालवू नये असं माझं मत. ४५ अक्षरांचा तो फुप्फुसाच्या आजाराचा शब्द १९३५ च्या सुमारास अमेरिकेतल्या कोडीप्रेमींच्या संघटनेच्या अध्यक्षांनी मुद्दाम लांबवून रचला. तसंच 'घोटी' (जी-एच-ओ-टी-आय) हे स्पेलिंग 'फिश' असं वाचता येतं, हा बर्नार्ड शॉच्या नावावर खपणारा विनोद. तो शॉच्या जन्माआधीचा, १८५५ च्या एका पत्रात सापडतो. विनोद म्हणून ठीक, पण इंग्रजीत नियमच नाहीत असा निष्कर्ष त्यातून काढू नका. जी-एचचा 'फ' शब्दाच्या शेवटाकडे होतो, 'रफ', 'कॉफ'सारखा. सुरुवातीला कधीच नाही. अक्षराची जागा पाहणं हाही वाचनाचा भाग आहे.

पायरी सातवी: वही

एका शब्दाला चार ओळी: स्पेलिंग, देवनागरीतला उच्चार आणि जोर असलेल्या अवयवाखाली रेघ, गाव, आणि स्वतः बनवलेलं एक वाक्य. आठवड्याला पाच शब्द खूप झाले.

पहिल्या आठवड्यासाठी ही पाच स्पेलिंगं घ्या. गाव मी सांगतो, उच्चार आधी तुम्ही करा. सी-एच-ओ-आय-आर, लॅटिन आणि ग्रीककडे पाहून स्पेलिंग बदललेला. वाय-ए-सी-एच-टी, डच. क्यू-यू-ए-वाय, फ्रेंच. व्ही-आय-सी-टी-यू-ए-एल-एस, डेटसारखाच लॅटिनने बाधलेला. क्यू-यू-आय-एक्स-ओ-टी-आय-सी, स्पॅनिश.

झाले म्हणून? मग तपासा. क्वायर, गायकवृंद. यॉट, शर्यतीची किंवा विहाराची नौका. डचमध्ये मूळ अर्थ पाठलाग करणारं जहाज. की, बंदरातला धक्का. विटल्स, अन्नसामग्री. आणि शेवटचा क्विक्सॉटिक, ध्येयवेडा पण व्यवहारशून्य. ज्याच्यावरून तो आला त्या स्पॅनिश कादंबरीच्या नायकाला, डॉनला, आज 'किहोटे' म्हणतात, विशेषणाने मात्र आपला इंग्रजी एक्स सोडलेला नाही.